पावलांनी राखलेले रान

“मामा, उद्या रानात जायचंय. तुझं नाव मी देऊन ठेवलंय,” शनिवारी रात्री जेवताना भाचीने जाहीर केले.

मागल्या वर्षी सप्टेंबरात मी तिच्याकडे ऑस्लोला, म्हणजे नॉर्वेच्या राजधानीला, गेलो होतो. परमुलखात गेलेल्या माणसाची जी गत होते तीच माझीही झाली होती. पहिल्या दिवशी राजवाडा, दुसऱ्या दिवशी पदार्थसंग्रहालय आणि तिसऱ्या दिवशी दुखरे गुडघे. रविवारी खिडकीशी बसून पाऊस पाहावा आणि चहा प्यावा, असा माझा साधा बेत होता.

“कसलं रान?” मी विचारले.

“नूरमार्का. शहराच्या पाठीमागंच आहे. बरोबर माहितगार बाई असतात. अकरा-बारा किलोमीटर चालायचं. जमेल ना तुला?”

ज्याने तीस वर्षे शाळेत इतिहास शिकवला आणि श्रावणात मुलांची रांग घेऊन टेकडी चढली, त्याला “जमेल ना” असे विचारले की त्याच्या तोंडून नकार निघत नाही. मी “हो” म्हणून बसलो.

सकाळी पाऊस थांबला होता. ऑस्लोची एक क्रमांकाची गाडी शहराच्या पोटातून निघते, थोड्या वेळाने उजेडात येते आणि मग घाटातल्या गाडीसारखी वळणे घेत चढू लागते. ही रेल्वे १८९८ सालची. १९१६ साली ती फ्रोग्नेरसेतेरन या शेवटच्या स्टेशनापर्यंत नेण्यात आली. ते स्टेशन समुद्रसपाटीपासून ४६९ मीटर उंच आहे. डब्यात कुत्री होती, काठ्या होत्या आणि आईबापांच्या पाठीवरच्या झोळ्यांत बसलेली मुलेही होती. हिवाळ्यात याच डब्यांत स्कींची दाटी होते. स्की म्हणजे पायांना बांधून बर्फावरून घसरत जाण्याच्या लांब पट्ट्या. वाचकांनी त्या चित्रांत पाहिल्या असतीलच. १९७३ च्या डिसेंबरात तेलटंचाईमुळे शनिवार-रविवारी मोटारी हाकण्यास मनाई झाली होती. तेव्हा खुद्द राजे पाचवे ओलाव याच गाडीत बसून स्की खेळायला रानात गेले. कंडक्टरापुढे तिकिटाचे पैसे धरलेले राजे, असे ते छायाचित्र नॉर्वेत घरोघर ठाऊक आहे. हेच राजे युवराज असताना १९२२ आणि १९२३ साली होल्मेनकोलेनच्या टेकडीवरून स्पर्धेत उडीही मारून चुकले होते!

ती होल्मेनकोलेनची टेकडी वाटेतच लागते. आभाळात चमचा उगारावा तसा तिचा पोलादी मनोरा दिसतो. हा मनोरा २०१० सालचा. पण टेकडीवरचा खेळ जुना आहे. ऑस्लोची उडीची स्पर्धा १८७९ पासून हुसेबी नावाच्या खालच्या टेकडीवर होत असे. तेथे बर्फाचा भरवसा राहीना, म्हणून ती वर आणली गेली आणि ३१ जानेवारी १८९२ रोजी होल्मेनकोलेनवर पहिली स्पर्धा झाली. त्या दिवशीची सर्वांत लांब उडी होती साडेएकवीस मीटर. आज तेथे उड्या घेणारे १४० मीटरच्याही पलीकडे जाऊन उतरतात. १९५२ साली हिवाळी ऑलिंपिक ऑस्लोला भरले, तेव्हा ही उडी पाहण्यासाठी लाखावर माणसे या टेकडीभोवती जमली होती.

एवढा इतिहास गाडीतच झाला. पण मी सांगणार आहे तो इतिहास या मनोऱ्याचा नव्हे. त्याच्यामागे पसरलेल्या रानाचा आहे.

फ्रोग्नेरसेतेरनच्या फलाटावर सत्तरीच्या घरातल्या एक बाई आमची वाट पाहत होत्या. उंच, सडसडीत अंगलट आणि डोक्याला लोकरी टोपी. पूर्वी त्या परिचारिका होत्या. आता महिन्यातून एकदोन रविवार लोकांना रान दाखवतात, आणि तेही विनावेतन. आम्ही सोळाजण होतो. बाईंनी प्रत्येकाचे नाव विचारले, प्रत्येकाच्या पायांतले बूट पाहिले. माझ्या बुटांकडे अंमळ अधिक वेळ पाहिले, पण बोलल्या काही नाहीत.

चालू लागताच झाडांच्या बुंध्यांवर रंगाचे पट्टे दिसू लागले. काही निळे, काही तांबडे. बाई म्हणाल्या, “निळा पट्टा उन्हाळ्यातल्या पायवाटेचा, तांबडा हिवाळ्यातल्या स्कीच्या वाटेचा. तांबड्याच्या मागे आज गेलात तर दलदलीत शिराल. हिवाळ्यात दलदल गोठते, तळी गोठतात, आणि तेथूनच सरळ वाट होते.” एकाच रानात ऋतूपरत्वे दोन नकाशे! मला याची मोठी मौज वाटली.

स्प्रूसची काळपट हिरवी झाडे दोन्ही अंगांनी दाटली होती. मधूनच एखादा बर्च पिवळा झालेला. खाली गुडघाभर झुडपांत उशिराची निळी बोरे आणि नुकती पिकलेली तांबडी बोरे. मुले ओंजळी भरून तोंडात टाकत होती आणि कोणी हटकत नव्हते. माझ्यातल्या मास्तराला राहवेना. मी विचारले, “बाई, हे रान कोणाचे?”

“कागदोपत्री पुष्कळसे लोव्हेनशोल्ड या जुन्या जमीनदार घराण्याचे,” त्या म्हणाल्या. “काही नगरपालिकेचे, काही सरकारचे. चालायला मात्र सर्वांचे.”

मग त्यांनी जे सांगितले ते ऐकून मी थांबलोच. नॉर्वेत फार जुन्या काळापासून एक रिवाज आहे. त्याला ते ‘आल्लेमान्सरेत्तेन’ म्हणतात, म्हणजे सर्वांचा हक्क. पडीक जमीन, रान, डोंगर कोणाच्याही मालकीचे असोत, त्यातून पायी जाण्यास कोणालाही मज्जाव नाही. बोरे तोडावीत, अळंबी वेचावी, रात्री तंबू ठोकावा. त्याला मर्यादाही आहेत. तंबू राहत्या घरापासून दीडशे मीटर दूर हवा. १५ एप्रिल ते १५ सप्टेंबर रानात शेकोटी पेटवायची नाही. पेरलेल्या शेतात जायचे नाही, मात्र जमीन गोठली आणि पीक उभे नसले की हिवाळ्यात शेतावरूनही जाता येते. रानाच्या पायथ्याचे मारिदालचे तळे शहराला पिण्याचे पाणी पुरवते, तेव्हा त्यात पोहणे नाही. शतकानुशतके हा रिवाज कोठे लिहिलेला नव्हता. तो कायद्याच्या पुस्तकात आला १९५७ साली.

“म्हणजे लोक आधी चालले आणि कायदा मागून आला?”

“मागून आला, आणि तोही चालत,” बाई हसून म्हणाल्या.

थोडे पुढे गेल्यावर त्यांनी वाटेकडेच्या एका सपाट गोल जागेवर काठीने माती उकरली. वर शेवाळे होते आणि खाली कुळकुळीत काळी माती. ती होती कोळशाच्या भट्टीची जागा. आज जेथे लोक शांतता शोधायला येतात, तेथे एके काळी सतत धूर असे. बेरूम आणि हाकादाल येथील लोखंडाच्या कारखान्यांना कोळसा लागे, तो या रानात लाकूड जाळून होत असे. ओंडके तळ्यांतून आणि ओढ्यांतून खाली शहराच्या वखारींकडे सोडले जात. सतराव्या शतकात फिनलंडकडून आलेली गरीब कुटुंबे या मुलखात शिरली. ती रानाचा तुकडा जाळीत आणि त्या राखेत राय नावाचे धान्य पेरीत. आपल्याकडच्या डोंगरातल्या राबासारखाच तो प्रकार. तेव्हा हे रान कोणी न शिवलेले, देवाने ठेवले तसे राहिलेले, असे मुळीच नाही. ते राबलेले रान आहे.

मग ते हिंडण्याचे रान केव्हा झाले? येथे थोडे मागे जावे लागते.

चारशे वर्षांच्या आसपास नॉर्वे डेन्मार्कच्या हाताखाली होता. १८१४ साली तो सुटला आणि त्याला स्वतःची घटना मिळाली. पण लगेच स्वीडनच्या राजाशी जोडला गेला, तो १९०५ पर्यंत. कारभाराची भाषा बाहेरची, राजाही बाहेरचा. अशा देशातल्या शिकलेल्या लोकांना प्रश्न पडला, आपले म्हणावे असे आपल्याजवळ काय आहे? आस्ब्यर्नसेन आणि मू या जोडीने खेड्यापाड्यांतल्या कहाण्या गोळा केल्या. आस्ब्यर्नसेन या शहरात वाढलेला, पुढे वनाधिकारी झालेला. रानातल्या यक्षिणींच्या त्याच्या कहाण्यांतून याच जंगलांचा वास येतो. दुसरीकडे थॉमस हेफ्ट्ये नावाचा पेढीवाला होता. आम्ही जेथे गाडीतून उतरलो ती फ्रोग्नेरसेतेरनची जागा त्याच्याच मालकीची होती. पुढे ती नगरपालिकेने घेतली. या हेफ्ट्येच्या पुढाकाराने १८६८ साली नॉर्वेचे पर्यटक मंडळ स्थापन झाले. आपल्या देशात जे भव्य आणि सुंदर आहे ते पुष्कळांना, सहज आणि स्वस्तात, पाहायला मिळावे, एवढाच त्याचा आग्रह होता. आमच्या बाई त्याच मंडळाच्या. म्हणजे त्या रविवारची आमची फेरी दीडशे वर्षांहून जुन्या परंपरेतली होती!

या रानाच्या कडेलाच स्टोरे फ्रेन नावाच्या घरात फ्रित्योफ नान्सेन लहानाचा मोठा झाला. पोरवयात नूरमार्केत मासे धरणारा आणि स्कीवर हिंडणारा हा मुलगा १८८८ साली स्कीवरून ग्रीनलंड ओलांडून गेला, आणि पुढे निर्वासितांसाठी केलेल्या कामाबद्दल १९२२ चे शांततेचे नोबेल पारितोषिक त्याला मिळाले. त्याची पत्नी एव्हा नामांकित गायिका होती. बायकांनी स्कीवर हिंडणे त्या काळी भल्या घरांत नवलाचे होते, पण ती बिनदिक्कत हिंडे. हे सांगून बाई म्हणाल्या, “आणि होल्मेनकोलेनच्या पन्नास किलोमीटरच्या शर्यतीत बायकांना जागा मिळाली २०२३ साली!” भाचीने माझ्याकडे असे पाहिले, की जणू तो उशीर मीच केला होता.

वाट आता ओलसर दरीत उतरली. एका जुन्या स्प्रूसच्या फांद्यांवरून करड्या-हिरव्या जटा लोंबत होत्या. बाईंचा आवाज एकदम हळू झाला. हुल्द्रा नावाची त्यांच्याकडे रानातली यक्षीण आहे. पुढून अतिशय देखणी आणि मागे गाईचे शेपूट. तिच्या नावाने ओळखली जाणारी हातभर, वावभर लांब वाढणारी एक जात या रानात मोजक्या ठिकाणी उरली आहे. ही तिचीच धाकटी बहीण. मी जवळ जाऊन निरखले आणि ओळख पटली. हे तर दगडफुलाच्या कुळातले! आपल्या काळ्या मसाल्यात पडते ते दगडफूल म्हणजे झाडावर-दगडावर वाढणारा असाच एक जीव. भाचीने ते इंग्रजीतून सर्वांना सांगितले, आणि आम्ही ते खातो हे ऐकून बाईंनी कौतुकाने माझा हातच धरला.

“हिला सावली लागते, ओल लागते, आणि शेजारी म्हातारी झाडे लागतात,” त्या म्हणाल्या. “आसपासची झाडे तोडली की हे झाड उभे राहिले तरी ही वाळून जाते. जे रान सलग जुने राहिले तेथेच ही सापडते.”

दुपारी आम्ही उल्लेवोलसेटरला पोचलो. सेटर म्हणजे उन्हाळ्यात गुरे चारायला नेण्याची डोंगरावरची जागा. आता तेथे वाटसरूंसाठी उपाहारगृह आहे. गरम वाफल आणि त्यावर बोरांचा मुरांबा. घावनाची जाळी जाड करून कोणी चौकटीत बसवावी तसा तो पदार्थ. गुडघ्यांना जरा विसावा मिळाला. बाकावर बसून बाईंनी पुढची हकीकत सांगितली.

९ एप्रिल १९४० रोजी जर्मन फौजा नॉर्वेत उतरल्या. खेळांच्या संस्था नव्या सत्तेने ताब्यात घेतल्या, तेव्हा खेळाडूंनी एक विलक्षण गोष्ट केली. त्यांनी खेळणेच सोडले. सरकारी स्पर्धांना ना खेळाडू जात, ना प्रेक्षक. १९४१ ते १९४५ होल्मेनकोलेनची टेकडी रिकामी राहिली. दोन ऑलिंपिक सुवर्णपदके जिंकलेला उडीवीर बिर्गेर रूद ग्रिनीच्या बंदिवासात गेला. पण नूरमार्केत माणसे हिंडतच होती. काही हवेसाठी, आणि काही पाठीवरच्या पिशवीत हत्यारे घेऊन. भूमिगतांना या रानातल्या झोपड्यांचा मोठा आधार होता.

युद्ध संपले. १९४६ च्या हिवाळ्यात होल्मेनकोलेनला पुन्हा गर्दी लोटली. आणि त्याच वर्षी विजेच्या मोठ्या तारा नूरमार्केतून नेण्याची योजना पुढे आली. देश पुन्हा उभा करायचा होता, वीज हवीच होती. विरोध करणे म्हणजे प्रगतीच्या आड येणे. तरीही सोंग्सवान तळ्याच्या काठी हजारो माणसे जमली. तीस हजारांच्या आसपास असतील, असे सांगतात. बाईंच्या वडिलांनी धाकट्या भावाला खांद्यावर घेऊन नेले होते.

“ते सगळे पुढारी नव्हते,” बाई म्हणाल्या. “ते रविवारी रानात जाणारे लोक होते. त्यांना कोणी नकाशा दाखवून समजवावे लागले नाही. तार कोठून जाणार, कोणते तळे, कोणते वळण, हे त्यांच्या पायांना ठाऊक होते.”

त्या दिवसापासून नूरमार्का हा केवळ जमीनमालकाचा आणि अभियंत्याचा विषय राहिला नाही. १९५७ चा कायदा मी सांगितलाच. पुढे २००९ साली खास मार्केसाठी कायदा झाला. ऑस्लोभोवतीच्या सुमारे १७०० चौरस किलोमीटर रानाला हद्द आखली गेली आणि तिच्या आत बांधकामाला मनाई हा नियम झाला. सगळे प्रश्न मिटले असे नाही. लाकूडतोड चालू असते, तिच्यावरून भांडणे होतात. हिवाळे आखडत चालले आहेत. बाईंच्या लहानपणी मुले दारातच स्की बांधून निघत. आता बर्फासाठी पुष्कळदा गाडीने वर यावे लागते, आणि शर्यतींच्या वाटांवर यंत्राने बर्फ पाडावा लागतो. बर्फासाठी हुसेबीहून वर आलेला खेळ आता कोठे जाणार? “याहून वर टेकडीच नाही,” बाई म्हणाल्या. त्या हसल्या नाहीत.

सोंग्सवानपर्यंतची उतरण मी गप्प चाललो. मला आमच्या गावामागची टेकडी आठवत होती. तिच्या माथ्यावर म्हसोबाचे ठाणे आणि एक पाण्याचे टाके आहे. मी पंधरा-वीस वर्षे शाळेची मुले तेथे नेली. टाक्याच्या कडेला बसवून शिवकालाचा धडा घेतला. पुढे सहली बसने दूरदूर जाऊ लागल्या, मी निवृत्त झालो, गुडघे कुरकुरू लागले. मध्यंतरी कोणी पायथ्याला तारेचे कुंपण घातले. मला ते कळले तीन वर्षांनी! कुंपण घालणाऱ्याला मी चारचौघांत पुष्कळ नावे ठेवली आहेत. पण तीन वर्षे मला ते कळले नाही, याचा अर्थ तीन वर्षे मी तिकडे फिरकलो नव्हतो, हे त्या तळ्याकाठी उभे राहिल्यावर प्रथम ध्यानात आले. तीस हजार राहोत, त्या वाटेवर एक मास्तरही उरला नव्हता.

एक गोष्ट मी मुद्दाम मागे ठेवली आहे. सकाळी फ्रोग्नेरसेतेरनहून निघाल्यावर वाटेत बाईंनी आम्हांला एका मोकळ्या उतारावर नेले होते. तेथे स्प्रूसची कोवळी रोपे होती. २०१४ साली केटी पॅटर्सन या स्कॉटिश कलावतीने अशी एक हजार रोपे तेथे लावली. दर वर्षी एका लेखकाने एक लेखन द्यायचे. ते कोणी वाचायचे नाही. २११४ साली या झाडांचा कागद करून त्यावर ती शंभर पुस्तके छापायची. पहिले हस्तलिखित मार्गारेट ॲटवूडबाईंचे, पाचवे कोरियाच्या हान कांग यांचे, आणि बाराव्या वर्षासाठी निवड झाली आपल्या अमिताव घोष यांची. हस्तलिखिते शहराच्या ग्रंथालयात एका लाकडी खोलीत बंद आहेत. पण ती सोपवण्याचा सोहळा सभागृहात होत नाही. लेखक आणि वाचक पायी चालत या उतारावर येतात आणि झाडांमध्ये तो होतो.

“तुम्ही ती पुस्तके वाचणार नाही, मीही नाही,” बाई म्हणाल्या होत्या. “पण वाट मोडू नये म्हणून दर वर्षी येऊन जायला हवे.”

सोंग्सवानच्या स्टेशनावर त्यांनी सर्वांशी हात मिळवला. माझ्या बुटांकडे पुन्हा एकदा पाहिले आणि म्हणाल्या, “पुढच्या खेपेला चांगले घेऊन या.”

परत आल्यावर मी दोन गोष्टी केल्या. बूट घेतले. आणि तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात चार खेपा घालून गावचा जुना नकाशा काढवून आणला. त्यात टेकडीवर जाणारी पाऊलवाट तुटक रेघेने स्वच्छ दाखवलेली आहे. कागदावर ती कधी मोडलीच नव्हती. नकाशा घेऊन मी कुंपणाच्या मालकाकडे गेलो. त्याने तो उलटसुलट पाहिला आणि विचारले, “मास्तर, पण या वाटेनं आता जातंय कोण?”

प्रश्न रास्त होता. त्याचे उत्तर द्यायला भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी सकाळी सहा वाजता आम्ही निघणार आहोत. शेजारची चार मुले, त्यांच्यापैकी दोघांच्या आया आणि मी. सुटीवर आली तर भाचीही. झाडांच्या बुंध्यांवर लावायला थोडा निळा रंग घेऊन ठेवला आहे.